प्रस्तावना : पाकीटमाराची ऐंशी वर्षं

‘कॅसाब्लांका’ पाहिलेल्या माणसाला तो आठवत असतो, नाव मात्र सांगता येत नाही. चित्रपट सुरू होऊन काही मिनिटंच झालेली असतात. शहरात धरपकड चालली आहे, पळून जाणारा एक माणूस मार्शल पेताँच्या भित्तिचित्राखाली गोळी लागून पडला आहे, आणि कॅफेत बसलेल्या एका इंग्रज जोडप्याला हा सगळा काय गोंधळ आहे ते उमगत नाही. तेवढ्यात एक बुटका, गोडबोल्या इसम त्यांच्याजवळ सरकतो. घरच्या माणसासारखं समजावून सांगतो : वाळवंटात दोन जर्मन निरोप्यांचे खून पडलेत, म्हणून पोलीस निर्वासितांना उचलताहेत. मग आवाज खाली आणून बजावतो, की सांभाळा, या गावात गिधाडं फार. एवढं बोलून तो वाटेला लागतो. साहेब खिसा चाचपतो, तर पाकीट गेलेलं.

प्रेक्षक हसतो, आणि त्या हसण्यात एक गोष्ट त्याच्या ध्यानातून निसटते. चित्रपटाच्या लेखकांना इथे बरीच कोरडी माहिती प्रेक्षकाच्या गळी उतरवायची होती. कोण मेलं, पोलीस कुणाला आणि का शोधताहेत, हे गाव कशाचं आहे. निवेदकाच्या तोंडी घातली असती तर ती वर्तमानपत्रासारखी वाटली असती. ती एका पाकीटमाराच्या तोंडी दिली, आणि त्या नटानं ती अशी सांगितली की आपल्याला वाटावं, हा फक्त वेळ काढतोय. इंग्रज साहेबाचं पाकीट गेलं आणि आपल्या खिशात माहिती आली. दोन्ही कामं एकाच हाताची.

पुढे रिकच्या कॅफेत तो पुन्हा दिसतो. नवं सावज गाठतो, तोच इशारा देतो, आणि निघताना कार्ल नावाच्या जाडगेल्या वेटरवर आदळतो. माफी मागतो. कार्ल लगेच आपले खिसे चाचपतो. संपलं. दोन्ही प्रसंग मिळून दोन मिनिटंही भरत नाहीत.

या पुस्तकाचा विषय तो माणूस आहे. नाव कुर्त बोआ. आडनावाचा थाट फ्रेंच, माणूस पक्का बर्लिनचा. ‘कॅसाब्लांका’ न्यूयॉर्कला पहिल्यांदा दाखवला गेला तो २६ नोव्हेंबर १९४२ रोजी. तेव्हा बोआ ४१ वर्षांचा होता आणि अभिनय करून त्याला पस्तीस वर्षं झालेली होती. पुढे आणखी पंचेचाळीस वर्षं तो करणार होता.

मी स्वतः ‘कॅसाब्लांका’ किती वेळा पाहिला त्याचा हिशेब ठेवलेला नाही. विम वेंडर्सचा ‘डेर हिमेल यूबर बर्लिन’, म्हणजे आपण फिल्म सोसायट्यांमध्ये ज्याला ‘विंग्ज ऑफ डिझायर’ म्हणून ओळखतो तो चित्रपटही दोनदा पाहून झाला होता. त्यातला छत्री घेऊन फिरणारा, धाप लागलेला म्हातारा होमर मनात घर करून बसला होता. पण पाकीटमार आणि होमर हा एकच माणूस आहे हे मला कित्येक वर्षं कळलेलं नव्हतं. ज्या दिवशी श्रेयनामावलीतलं नाव दुसऱ्या श्रेयनामावलीशी ताडून पाहिलं, त्या दिवशी या पुस्तकाची सुरुवात झाली.

आधी एका शब्दाचा निकाल लावायला हवा. इंग्रजीत ज्याला कॅरेक्टर अ‍ॅक्टर म्हणतात त्याला आपल्याकडे ‘चरित्र अभिनेता’ म्हणायची पद्धत पडली आहे. हा शब्द कुणी घाईत बनवला असावा. मराठीत चरित्र म्हणजे एखाद्याच्या आयुष्याची हकिगत, आणि चारित्र्य म्हणजे आणखी निराळंच. त्यामुळे ‘चरित्र अभिनेता’ म्हटलं की नायकाचा बाप, शाल पांघरलेला, खोकणारा, एवढंच डोळ्यांपुढे येतं. मूळ अर्थ तसा नाही. कमी वेळात एक पुरं माणूस उभं करून देणारा तो. त्याला मागचा इतिहास सांगायला वेळ मिळत नाही. तो चालण्यात, टोपी काढण्यात, खुर्ची ओढण्यात सांगावा लागतो. तरीही बोआच्या बाबतीत हा चुकीचा शब्दच मला बरा वाटू लागला आहे. त्याच्या भूमिका ओळीनं लावल्या तर त्यातून खरोखरच एक चरित्र उभं राहतं, आणि ते त्याच्या एकट्याचं नाही, एका शहराचंही आहे.

तो जन्मला ५ एप्रिल १९०१ रोजी, बर्लिनमध्ये, ज्यू कुटुंबात. बहीण इल्झे हीदेखील पुढे कॅबरेत नाव काढणारी नटी झाली. कुर्त पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर उभा राहिला १९०७ साली, ‘बाउअर्नहाउस उंड ग्राफेनश्लोस’ या मूकपटात. वय सहा. आपल्याकडे ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये लागायला अजून सहा वर्षं होती. फाळक्यांच्या डोक्यात चित्रपटाचा किडाही शिरलेला नव्हता. १९०८ मध्ये लिओ फाल यांच्या ‘डेर फिडेले बाउअर’ या संगीतिकेत, बर्लिनच्या थिएटर डेस वेस्टन्सच्या रंगमंचावर, त्यानं हाइनर्ले या पोराचं काम केलं आणि बर्लिनकर त्याला ओळखू लागले. १९०९ मध्ये ‘डेर क्लाइने डिटेक्टिव’, म्हणजे ‘छोटा गुप्तहेर’. पोरगं लहान होतं, पण नट म्हणून ते कधी पोरगं नव्हतंच असं मला वाटतं. बालनटांचं पुढे सहसा काय होतं हे आपण जाणतो. आवाज फुटतो, उंची वाढते आणि लोक विसरतात. बोआची उंची फारशी वाढलीच नाही. हे त्याचं नशीब समजा.

मिसरूड फुटल्यावरचं पहिलं लक्षात राहणारं काम अर्न्स्ट लुबिचच्या ‘डी आउस्टर्नप्रिन्झेसिन’ मध्ये, १९१९ साली. चित्रपट अमेरिकेच्या शिंपल्यांच्या, ऑयस्टरच्या, व्यापारात गब्बर झालेल्या एका धनिकाच्या मुलीचा. तिच्या लग्नाच्या मेजवानीत फॉक्सट्रॉट नाचाची साथ येते. साथच म्हणायला हवी, कारण ती हॉलमधून जिन्यावर, जिन्यावरून स्वयंपाकघरात पसरत जाते आणि आचारी, वाढपी, दासी सगळे त्या तालात सापडतात. या साथीचं उगमस्थान म्हणजे वाद्यवृंदाचा संचालक, अठरा वर्षांचा बोआ. हातात छडी आहे, पण तो वाद्यवृंद चालवतो तो कमरेखालच्या भागानं. वृंदातली वाद्यंही तशीच : मध्येच एक पिस्तुलाचा बार, मध्येच एका माणसाच्या कानशिलात तालावर वाजवलेली चपराक. मूकपटात संगीत ऐकू येत नाही ही अडचण लुबिचनं या पोराच्या नितंबांवर सोपवली, आणि आज शंभर वर्षांनीही ते गाणं ‘दिसतं’. ज्या कुणाला अभिनय म्हणजे चेहरा असं वाटत असेल त्यानं हा प्रसंग जरूर पाहावा. प्रेक्षकाकडे बोआची पाठ आहे आणि तरी सगळ्यांचं लक्ष त्याच्याकडे.

विशीतला बोआ म्हणजे रंगमंच, कॅबरे, रेव्ह्यू, गाणी, फार्स. १९२७ मध्ये रिचर्ड आइखबर्ग यांचा ‘डेर फ्युर्स्ट फॉन पापेनहाइम’ आला. शीर्षकात कोटी आहे. फ्युर्स्ट म्हणजे राजा, संस्थानिक. पण इथे एगॉन फ्युर्स्ट हे पापेनहाइम नावाच्या कपड्यांच्या पेढीतल्या एका नोकराचं आडनाव. म्हणजे आपल्याकडे ‘पापेनहाइमचे महाराज’ म्हणावं आणि निघावा दुकानातला कुणी श्री. महाराज, तसं. हा महाराज वेळप्रसंगी बाईच्या वेशात वावरतो. ‘मोरूची मावशी’ ज्यांना तोंडपाठ आहे त्यांना हा विनोद परका वाटायचं कारण नाही. अत्र्यांनी ती मावशी ‘चार्लीज आंट’ वरून आणली, आणि युरोपच्या रंगभूमीवर त्या जातीच्या मावश्या तेव्हा गावोगाव होत्या. बोआची मावशी मात्र थोडी वेगळी. तो बाईची टिंगल करत नाही. पोशाख घातला की तो त्या पोशाखाची जबाबदारी घेतो. पदर, म्हणजे त्याच्या बाबतीत फरची किनार, कशी सावरायची हे त्याला मनापासून ठाऊक असतं. हसू येतं ते त्या गांभीर्याचं.

या चित्रपटाची गोष्ट इथे संपत नाही, दुर्दैवानं. ती तेरा वर्षांनी पुन्हा उपटते.

१९३२ मध्ये ‘आइन श्टाइनराइशर मान’ या बोलपटात तो मुख्य भूमिकेत होता. त्याच वर्षी त्यानं एक छोटा चित्रपट दिग्दर्शितही केला. तेव्हा तो एकतीस वर्षांचा होता. बर्लिनचं प्रेक्षागृह त्याच्या एंट्रीला हसायला तयार बसलेलं असे. विनोदी नटाला आणखी काय हवं असतं? पुढच्या वर्षी जानेवारीत हिटलर चान्सलर झाला. १९३३ मध्येच बोआनं जर्मनी सोडली आणि युरोपातल्या गावांतून फिरत १९३४ मध्ये न्यूयॉर्क गाठलं.

या जागी मला या पुस्तकातली एकच खरी बाजू मांडायची आहे, ती मांडून टाकतो. बोआ छोट्या भूमिकांचा नट म्हणून ओळखला जातो. तो तसा जन्मला नव्हता. त्याला तसं करण्यात आलं. विनोदी नट भाषेवर जगतो. पंच कुठल्या शब्दावर मारायचा, कुठली मात्रा गिळायची, कुठल्या उच्चारानं माणूस कुठल्या गल्लीतला हे कळतं, हे सगळं भाषेचं धन. ते सीमेवर काढून घेतलं गेलं की उरतो तो फक्त हेल. हॉलिवूडनं बोआकडून विकत घेतला तो त्याचा हेल. त्यामुळे वेटर, केशभूषाकार, नृत्यशिक्षक, चोर, हॉटेलातला कारकून, भुरटा उमराव अशी कामं. कधी फ्रेंच, कधी स्पॅनिश, कधी कुठलाच नाही असा ‘युरोपियन’. ज्या माणसानं बर्लिनमध्ये रात्र रात्र एकट्यानं रंगमंच पेलला, त्याला लॉस एंजेलिसमध्ये कॅमेऱ्यासमोरून ट्रे घेऊन जायचा होता. त्यानं तो ट्रे असा नेला की आपण त्याच्याकडेच बघत राहतो. ही तडजोड आहे का? आहे. पण या तडजोडीत पाट्या टाकणं नाही, आणि ते त्याच्या कुठल्याही कामात मला सापडलं नाही. मी शोधलं, हेही कबूल करतो.

१९३७ पासूनच्या तेरा वर्षांत त्यानं हॉलिवूडमध्ये डझनांनी चित्रपट केले. ‘टोवारिच’, ‘द अमेझिंग डॉक्टर क्लिटरहाउस’, चार्ल्स लॉटनचा ‘द हंचबॅक ऑफ नोत्र दाम’, ‘बूम टाउन’, ‘बिटर स्वीट’. पुस्तकात या सगळ्यांची नोंद आहे. इथे थांबायची गरज नाही, कारण यांतली बरीच कामं हजेरी लावण्यापुरती आहेत. १९४१ चा ‘होल्ड बॅक द डॉन’ मात्र वेगळा. दिग्दर्शक मिचेल लायसेन, पटकथा बिली वाइल्डर आणि चार्ल्स ब्रॅकेट यांची. मेक्सिकोच्या सीमेवरच्या एका गावात अमेरिकेच्या व्हिसाची वाट पाहत तुंबलेल्या निर्वासितांची ही कथा आहे. वाइल्डर स्वतः बर्लिनमधून पळालेला. त्याला ती वाट पाहणं माहीत होतं. बोआनं त्यात बाँबोआ नावाचा फ्रेंच निर्वासित केला आहे. नावात स्वतःचंच आडनाव लपवलेलं.

आता त्या तेरा वर्षांनी उपटलेल्या गोष्टीकडे. २८ नोव्हेंबर १९४० रोजी बर्लिनमध्ये ‘डेर एविगे यूडे’ हा नाझी प्रचारपट झळकला. दिग्दर्शक फ्रिट्झ हिप्लर. ज्यूंविषयी घृणा निर्माण करण्यासाठी बनवलेली ही फिल्म, आणि तिच्यात पुरावा म्हणून इतर चित्रपटांतले तुकडे कापून लावलेले. त्यात ‘डेर फ्युर्स्ट फॉन पापेनहाइम’ मधला बाईच्या वेशातला बोआ आहे. त्याचं नाव घेऊन, विनोदाचा सगळा संदर्भ छाटून, ‘बघा हे लोक कसे विकृत’ असं सांगण्यासाठी. त्याच फिल्ममध्ये फ्रिट्झ लांगच्या ‘एम’ मधला पीटर लॉरेही आहे. नटानं साकारलेल्या खुन्याची तडफड जणू त्याच्या जमातीचाच कबुलीजबाब असावा अशी वापरलेली. ज्या प्रेक्षागृहांनी सात-आठ वर्षांपूर्वी या दोघांवर टाळ्यांचा पाऊस पाडला होता, त्याच प्रेक्षागृहांत हे दाखवलं गेलं.

दोन वर्षांनी, तारखेच्या हिशेबानं दोन दिवस आधीच, न्यूयॉर्कमध्ये ‘कॅसाब्लांका’ लागला. त्यात पीटर लॉरे होता. त्यात कुर्त बोआ होता. हिप्लरनं कापून लावलेले दोघेही चेहरे एकाच शहरात पुन्हा हजर. त्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत चौदा नटांची नावं आहेत, आणि त्यांतले अमेरिकेत जन्मलेले फक्त तीन : हम्फ्री बोगार्ट, डूली विल्सन आणि जॉय पेज. खिसे चाचपणारा कार्ल म्हणजे एस. झेड. साकाल, बुडापेस्टचा. जुगाराच्या टेबलावरचा क्रूपियर म्हणजे मार्सेल दालियो, रन्वारच्या ‘ला रेग्ल द्यू झ’ मधला मुख्य नट. जर्मन मेजर स्ट्रासर करणारा कॉनराड फाइट, ‘कॅलिगारी’ मधला झोपेत चालणारा सोमनँबुलिस्ट, नाझींना कंटाळून ज्यू पत्नीसह देश सोडून आलेला. म्हणजे पडद्यावर पारपत्रासाठी वणवण करणारे लोक पडद्यामागेही तेच करून आलेले होते. पाकीटमार आणि वेटर एकमेकांवर आदळतात तो अर्ध्या क्षणाचा विनोद मला या माहितीनंतर पूर्वीसारखा पाहता आलेला नाही. बर्लिन आणि बुडापेस्टच्या रंगमंचांनी दोन मोठे विनोदी नट घडवले, आणि जगाला ते असे मिळाले, एकमेकांना धक्का देऊन ‘माफ करा’ म्हणताना.

हॉलिवूडमधलं त्याचं सर्वांत चांगलं काम माझ्या मते १९४९ च्या ‘कॉट’ मधलं. दिग्दर्शक माक्स ओफ्युल्स, तोही १९३३ चा परागंदा. रॉबर्ट रायननं यात एक क्रूर, लहरी कोट्यधीश उभा केला आहे, आणि बोआ त्याचा हुजऱ्या फ्रान्झी. काम काय, तर मालकाची हांजी हांजी करणं, पाहुण्यांची सरबराई, पियानोवर काहीतरी वाजवत राहणं आणि कुणाचाही अपमान झाला की तोंडात घोळवलेलं एकच सहानुभूतीचं वाक्य फेकणं. ते वाक्य तो इतक्या वेळा म्हणतो की आधी हसू येतं, मग चीड, मग भीती. फ्रान्झी वाईट माणूस नाही. त्यानं स्वतःचा कणा कधीतरी गहाण ठेवला आणि आता व्याज भरतोय. आश्रित माणूस आश्रयदात्याच्या दिवाणखान्यात कसा उभा राहतो, दाराकडे पाठ कधी करत नाही, हसताना डोळे कुणावर ठेवतो, हे बोआला कुणी शिकवायची गरज नव्हती. देश सोडल्यानंतरची त्याची सोळा वर्षं या एका भूमिकेत साठली आहेत.

१९५० मध्ये तो परतला. तेव्हा एकोणपन्नास वर्षांचा होता. परतला तो पूर्व बर्लिनला. शहराचे ढिगारे अजून पुरते उचललेले नव्हते. तिथे डॉइचेस थिएटर होतं, आणि हद्दपारीतून परतलेला ब्रेख्त होता. ब्रेख्त आपल्याकडे ‘तीन पैशाचा तमाशा’ मुळे १९७८ पासून घरचाच झाला आहे, पु.लं.नी त्याला मराठी बोलायला लावलं आणि जब्बार पटेलांनी नाचायला. १९४९ मध्ये त्यानं बर्लिनर ऑन्साम्बल ही नाट्यसंस्था उभी केली तेव्हा पहिलं नाटक केलं होतं ‘हेर पुंटिला उंड झाइन क्नेष्ट माटी’. त्यात लिओनार्ड श्टेकेल पुंटिला झाला होता. पुढे ती भूमिका बोआकडे आली.

पुंटिला हा फिनलंडमधला मोठा जमीनदार. प्यायला की देवमाणूस, शुद्धीवर आला की सैतान. पिऊन तो गावातल्या चार-चार बायकांना लग्नाचं वचन देतो, आणि उतरल्यावर त्याच बायकांना वाड्यातून हाकलतो. नोकर माटी दोघांचीही चाकरी करतो, पण विश्वास एकावरही ठेवत नाही. शेवटाकडे पुंटिला दारूच्या भरात घरातलं फर्निचर रचून त्याचा डोंगर करायला लावतो आणि वर चढून आपल्या मुलखाचं कौतुक करतो. मोठ्या अंगाच्या नटांनी हा पुंटिला केला की तो दांडगा, रांगडा होतो. बोआ अंगानं किरकोळ. पण आल्बेर्तो काव्हाल्कांती यांनी १९५५ मध्ये व्हिएन्नात चित्रित केलेल्या, १९६० मध्ये प्रदर्शित झालेल्या रंगीत चित्रपटात त्याचा पुंटिला आजही पाहायला मिळतो, आणि किरकोळ अंगाचा फायदा तिथे दिसतो. या पुंटिलाची सत्ता शरीरात नाही, सातबाऱ्यावर आहे. म्हणून तो जास्त खरा वाटतो. संगीत हान्स आइस्लरचं. बोआच्या हयातभरातली ही सर्वांत मोठी पडद्यावरची भूमिका, आणि सर्वांत कमी लोकांनी पाहिलेली.

१९५४ मध्ये तो पश्चिम बर्लिनला राहायला गेला. पुढची पंचवीस वर्षं रंगमंच, दूरचित्रवाणी, अधूनमधून चित्रपट. ‘दास श्पूकश्लोस इम श्पेसार्ट’ या १९६० च्या लोकप्रिय विनोदी चित्रपटात तो भूत झाला आहे, आणि भूत म्हणून फार मजेत दिसतो. १३ ऑगस्ट १९६१ ला शहराच्या मधून भिंत गेली. या काळावरचं प्रकरण पुस्तकात लहान आहे. नट काम करत होता, प्रेक्षक येत होते, आणि त्या नाटकांतलं जे फिल्मवर राहिलं नाही ते त्या प्रेक्षकांबरोबरच गेलं. रंगभूमीवरच्या नटाचं चरित्र लिहिताना हे दुःख असतंच.

१९८० मध्ये त्यानं आत्मचरित्र प्रसिद्ध केलं. जर्मनमध्ये एक घासून गुळगुळीत झालेला वाक्प्रचार आहे, ‘खरं वाटू नये इतकं सुंदर’. बोआनं तो उलटा करून शीर्षक केलं : इतकं खरं, की सुंदर असणं शक्य नाही. पुढच्याच वर्षी स्विस दिग्दर्शक मार्कुस इमहोफ यांचा ‘दास बोट इस्ट फोल’ आला. ‘नाव भरली आहे’. १९४२ मध्ये स्वित्झर्लंडचे मंत्री एदुआर्द फॉन श्टाइगर यांनी निर्वासितांच्या प्रश्नावर देशाची तुलना गच्च भरलेल्या छोट्या जीवरक्षक नावेशी केली होती. त्या भाषणावरून हे नाव. नाझींच्या तावडीतून निसटलेली काही माणसं एका खेड्यातल्या खानावळीत येतात आणि लहान मूल असलेल्या कुटुंबाला राहू देतात या नियमाचा आधार घेऊन एकमेकांचे नातेवाईक असल्याची बतावणी करतात. त्यात नातीला घेऊन आलेला म्हातारा ज्यू म्हणजे ऐंशी वर्षांचा बोआ. चित्रपटाला बर्लिनच्या महोत्सवात सन्मान मिळाला, ऑस्करचं नामांकन मिळालं. मला आठवतं ते म्हाताऱ्याचं बतावणी करणं. चांगला नट वाईट अभिनय करताना पाहावा तो इथे : हा आजोबा खोटं बोलायला शिकलेला नाही, आणि त्याला खोटं बोलावं लागतंय.

१९८२ मध्ये ब्रुनो गांझ आणि ओटो सांडर या दोन तरुण नटांनी हातात कॅमेरा घेतला आणि ‘गेडेश्टनिस’ ही फिल्म केली. शब्दाचा अर्थ स्मृती. विषय दोन म्हातारे नट, बेर्नहार्ड मिनेटी आणि कुर्त बोआ. नटांनी नटांना ऐकायला बसावं, ही गोष्टच मुळात दुर्मीळ. आपल्याकडे हे अजून फार झालेलं नाही.

पाच वर्षांनी तेच दोघे देवदूत झाले. ‘डेर हिमेल यूबर बर्लिन’ मध्ये गांझ दामिएल आणि सांडर कासिएल. आणि बोआ होमर, कथा सांगणारा म्हातारा, ज्याचे श्रोते आता उरले नाहीत. पोट्सडामर रस्त्यावरचं हान्स शारूननं रचलेलं सरकारी ग्रंथालय, त्याचे रुंद जिने, आणि त्यावरून धापा टाकत चढणारा हा माणूस. कासिएल त्याच्या मागे मागे. होमर टेबलाशी बसतो, आउगुस्ट झांडरचा फोटोंचा ग्रंथ उलगडतो, विसाव्या शतकातले जर्मन चेहरे एकेक पान उलटत पाहतो. शेजारी बसलेला देवदूत त्याला दिसत नाही. पण आपण जाणतो की पाच वर्षांपूर्वी हाच सांडर खरोखर त्याच्याजवळ बसून त्याच्या आठवणी टिपून घेत होता.

आणि मग पोट्सडामर चौक. १९८७ मध्ये तिथे चौक नव्हता. भिंतीला लागून गवत माजलेलं उजाड रान होतं. काळा कोट, हॅट, थकलेली चाल. होमर चौक शोधतोय. इथे कॅफे योस्टी होता, इथे दुपारी कॉफी प्यायची, समोर तंबाखूचं दुकान, ट्राम, घोड्यांच्या बस. मग एक दिवस सगळीकडे झेंडे लागले, आणि त्यानंतर लोक पूर्वीसारखे वागेनासे झाले. रानात कुणीतरी टाकून दिलेली एक जुनी आरामखुर्ची आहे. तो तिच्यात बसतो. सापडेपर्यंत शोध सोडायचा नाही, असं ठरवतो. संहिता पीटर हांडके आणि वेंडर्सची, कॅमेरा हेन्री आलेकानचा. पण तो चौक ज्यानं भरलेला पाहिला होता असा त्या रानात एकच माणूस उभा होता. त्याला अभिनय करायची गरज नव्हती असं म्हणणं सोपं आहे, आणि मला ते पटत नाही. आठवण असणं वेगळं आणि ती कॅमेऱ्यासमोर पावलागणिक मोजून देणं वेगळं. खुर्चीत बसताना तो आधी हातानं तिची पाठ चाचपतो. सहा वर्षांचा असल्यापासून कॅमेऱ्यासमोर बसत आलेल्या माणसाचा हात आहे तो.

१९०७ ते १९८७. चित्रपटाच्या इतिहासातल्या सर्वांत लांब कारकिर्दींत ही गणली जाते. पण वर्षं मोजण्यासाठी हे पुस्तक लिहिलेलं नाही. पुस्तकाची मांडणी काळानुसार नाही, हेही वाचकानं ध्यानात घ्यावं. पहिलं प्रकरण पाकीटमाराचं आहे, शेवटचं लुबिचच्या वाद्यवृंदाचं. मधली प्रकरणं कुठूनही वाचता येतील. जर्मन नावांचे उच्चार शक्य तितके मुळाबरहुकूम दिले आहेत. ‘बोआ’ वाचून कुणाला अजगर आठवला तर त्याला माझा इलाज नाही. चित्रपटांची कथानकं पूर्ण सांगितलेली नाहीत, कारण या नटाच्या बाबतीत कथानक हे दुय्यमच असतं. कथानक तो खिशातून काढून घेतो आणि आपल्याला कळतही नाही.

१९८८ मध्ये युरोपियन फिल्म अ‍ॅवॉर्ड्स पहिल्यांदा दिले गेले, पश्चिम बर्लिनमध्ये. बोआला होमरसाठी पुरस्कार मिळाला, आणि तो सहाय्यक अभिनेत्याचा होता. पुढच्या वर्षी भिंत पडली. २५ डिसेंबर १९९१ रोजी, नव्वद वर्षांचा होऊन, तो बर्लिनमध्येच वारला.

वाचकाला एक विनंती. पुढचं पान उलटण्याआधी ‘कॅसाब्लांका’ ची पहिली दहा मिनिटं पाहा. इंग्रज साहेबाकडे पाहू नका, विमानाकडे पाहू नका. त्या बुटक्या माणसाच्या उजव्या-डाव्या हातांकडे पाहा, आणि पाकीट नेमकं कधी गेलं ते सांगता येतं का बघा. मला अजून सांगता आलेलं नाही.